गोलपोस्टाचा नारळ

नाव : नागोराव बळीराम मुनेश्वर. राहणार : घाटंजीजवळ. उंची : होस्टेलच्या चौकटीला डोकं लागेल इतकी. ओळखीची खूण : उजव्या हाताचं मधलं बोट वाकडं, कारण फुटबॉल. धर्म : बौद्ध. जात : विचारली असता सांगत नाही. संघातील स्थान : गोलकीपर. शेरा : सन १९५८ च्या अंतिम सामन्यातील पराभवास सदर खेळाडू सर्वस्वी जबाबदार आहे.

होस्टेलच्या रजिस्टरातला हा शेरा किसनराव सरांचा. यवतमाळातल्या एका कॉलेजात सर होस्टेलचे रेक्टर होते, फुटबॉलही त्यांच्याकडेच होता, आणि उरलेल्या वेळात ते तर्कशास्त्र शिकवत.

नागोराव आणि त्याची आई कौसल्याबाई दोन वर्षांपूर्वी दसऱ्याला नागपूरला जाऊन दीक्षा घेऊन आले होते. यापुढे जुन्या देवांना हात जोडायचे नाहीत, पूजा करायची नाही, अशी प्रतिज्ञा लाखो लोकांबरोबर त्यांनीही मोठ्याने म्हटली. गावी परतल्यावर कौसल्याबाईने घरातले देव पाटीत भरले आणि नदीत सोडून दिले. सरकारने या घटनेची दखल आपल्या पद्धतीने घेतली. फी आणि होस्टेलची सवलत जुन्या जातीला होती, नव्या धर्माला नव्हती. जुनी जात सांग, सवलत घे, असं नागोरावला ऑफिसात दोनदा समजावण्यात आलं. तो दोन्ही वेळा 'बौद्ध' म्हणाला.

मग फुटबॉल मदतीला आला. संघ स्पर्धेत असेपर्यंत खेळाडूंना होस्टेलात फुकट राहता येई, आणि शील्ड जिंकली तर वर्षभर. थोडक्यात, संघ जिंकत राहिला तर नागोराव बी.ए. होणार होता, हरला तर घाटंजीला कापूस वेचायला जाणार होता. इतर दहा जण शील्डसाठी खेळत होते.

आता नारळ. मॅचआधी गोलकीपरने उजव्या पोस्टाच्या बुडाशी नारळ फोडायचा, पाणी पोस्टावर शिंपडायचं आणि हात जोडायचे, अशी कॉलेजची प्रथा होती. कधीपासूनची ते कोणाला ठाऊक नव्हतं, म्हणून ती पुरातन होती. पहिल्या मॅचला सरांनी नारळ पुढे केला. नागोरावने हात मागे घेतले.

"काहून रे?"

"पूजा करत नाई सर आमी."

"अरे, पूजा कायची? लाकडाचा खांब हाय तो."

"मंग खांबाले हात कायले जोडू?"

तर्कशास्त्राच्या प्राध्यापकांनी नारळ तसाच पुढे धरून ठेवला. शेवटी नागोरावनेच तोड काढली, "खायले फोडतो सर. भूकही लागून राह्यली."

"खायले फोडलेला नारळ गोलले चालत नाई!"

संघाचा कॅप्टन उत्तमसिंग, दारव्ह्याकडच्या तांड्यातला. त्याने नारळ ओढून घेतला. "आना इकडं. पोस्टले काय समजते कोनं फोडला?" त्याने फोडला, हात जोडले, सगळ्यांनी खोबरं खाल्लं. नागोरावनेही खाल्लं. मॅच जिंकली.

पुढे तोच रिवाज पडला. उत्तमसिंग फोडी, नागोराव अडवी. पावसात मैदानाची काळी माती पायांना अशी चिकटे की अनवाणी खेळणारेही बूट घातल्यासारखे दिसत. संघ जिंकत होता, म्हणून धर्माची चर्चा झाली नाही. सेमीफायनलला मात्र एक ओला बॉल नागोरावच्या हातातून सटकून आत गेला, आणि तोही उजव्या पोस्टाला घासून. संघ दोन-एकने जिंकला, पण संध्याकाळी मेसमध्ये त्या एकाचीच चर्चा होती.

"पोस्टानं दाखवलंच ना?" कोणीतरी म्हणालं.

"पोस्टानं दोन गोल पन दाखवले बे, ते कोनाचे?" उत्तमसिंग म्हणाला. कोणी हसलं नाही. नागोरावच्या शेजारचा पाट त्या दिवशी रिकामा राहिला.

फायनलच्या आदल्या दिवशी कौसल्याबाई भाकरी आणि ठेचा बांधून होस्टेलवर आली. सरांनी तिला खुर्ची दिली. त्यांच्या दृष्टीने ही मोठी सवलत होती.

"बाई, पोराले समजवा. एक नारळ फोडला त वरीसभर खोली हाय. उद्या हरलो त उद्याच सामान बाहेर."

कौसल्याबाई खुर्चीच्या कडेवर टेकली. "मास्तर, म्या अख्खी पाटी बुडवली नदीत. माह्या सासूचा देवाचा चांदीचा टाक होता तिच्यात. सासू मरेलोक बोलली नाई माह्याशी. आता एका नारळापायी पोट्टं वाकलं, त तो टाक मले काढून द्या."

नंतर बाहेर पायरीवर ती मुलाला हळूच म्हणाली, "फोडाचा असन त फोड बाप्पा. म्या बोलली, ते माह्यं झालं. शिक्षन तुह्यं हाय."

नागोराव भाकरी खात राहिला.

फायनल अमरावतीच्या संघाशी. सरांनी नारळ आणून नागोरावच्या पायाशी ठेवला आणि स्वतः बाजूला झाले. सगळा संघ बघत होता. नागोरावने नारळ उचलला, उत्तमसिंगच्या हातात दिला आणि गोलात जाऊन उभा राहिला. नारळ एका फटक्यात फुटला. सरळ दोन वाट्या झाल्या.

मॅचमध्ये गोल झाला नाही. वाढीव वेळेतही झाला नाही. नागोरावने बॉल छातीवर घेतले, गुडघ्यांवर घेतले, एक वाकड्या बोटावर घेतला. अंधार पडू लागला. पाहुण्यांची शेवटची मोटार निघायची होती, तेव्हा रेफ्रीने दोन्ही कॅप्टनना मैदानाच्या मध्यात बोलावून नाणं उडवलं. उत्तमसिंगने छापा मागितला. काटा पडला.

सरांनी रात्रीच कारण शोधून काढलं : गोलकीपरने प्रथा मोडल्यामुळे संघाचं मनोधैर्य खचलं. सकाळी नागोरावची वळकटी व्हरांड्यात होती.

"सर, छापा म्या मांगलता," उत्तमसिंग म्हणाला.

"तू कॅप्टन हायेस. कॅप्टनवर शेरा लिहिता येत नाई."

नागोराव घाटंजीच्या जिनिंगमध्ये लागला. दोन वर्षांनी नवं राज्य झालं आणि सवलत बौद्धांनाही मिळू लागली. तोवर त्याचं लग्न झालं होतं आणि कॉलेजचं नाव निघालं की तो सरकीच्या ढिगाकडे बघत बसे. शेरा मात्र कोणी खोडला नाही.

टॉस झाला तेव्हा नागोराव आपल्या गोलात उभा होता.