ओठ नसलेल्यांची भाषा

गोव्यात हरमलला आमच्या घराच्या मागच्या अंगाला एक खोली आहे. सीझनला ती आम्ही पाहुण्यांना देतो. त्या वर्षी एक हडकुळा गोरा येऊन राहिला. तो समुद्रावर जात नसे, भाड्याची स्कूटरही घेत नसे. दिवसभर दार लावून बसे आणि आतून आवाज येत. टाळूला जीभ आपटल्याचा 'टॉक', घशात माशाचा काटा अडकल्यासारखी खरखर, मग दातांतून लांब फुसकारा. थोडी शांतता, आणि पुन्हा तेच, उलट क्रमाने.

मला वाटले, दाढ दुखत असेल. माझी बुद्धी साधारण एवढीच धावते.

आईची लांब धावली. "कोणाशी तरी उलयता तो," ती म्हणाली. "आनी तो दुसरो आमका दिसणा नाय."

एरवी मी हसलो असतो. पण माझी मुलगी तीन वर्षांची होऊन गेली तरी एक शब्द बोलत नव्हती. म्हापशाच्या डॉक्टरांनी कान तपासून 'वाट बघा' म्हटले होते. आम्ही वाटच बघत होतो, आणि एका सकाळी ती त्या खोलीच्या भिंतीला कान लावून उभी दिसली. आतून 'टॉक' आले. तिनेही 'टॉक' केले.

बायकोने धावत जाऊन तिला उचलले. आईने मीठ-मिरच्या उतरून चुलीत टाकल्या. कोणालाच ठसका लागला नाही, म्हणजे दृष्ट जबरी.

"बघलंस? वाचा ओढून घेता तो तिची. आजच्या आज तेका भायर काढ!"

पेडण्याच्या कचेरीत मी लोकांना 'उद्या या' सांगतो. आईलाही तेच सांगितले.

ती कशाला थांबते? संध्याकाळी तिने फणसाखाली, घरदार सांभाळणाऱ्या राखणदार देवासाठी, जाड भाकरीचा रोट ठेवला, बाजूला केळे आणि विडी, आणि मोठ्याने गाऱ्हाणे घातले, "बा राखणदारा, जो कोण वाकडो आसात, तेका तुझी वाट दाखय!"

सकाळी पाहुणा पायरीवर बसून तो रोट खात होता. घरचा नाश्ता समजून. वर विडी ओढून खोकला आणि आईला म्हणाला, "व्हेरी गुड."

त्याच्या पोटात कळ यायची आई दिवसभर वाट बघत राहिली. आली नाही, तेव्हा मात्र तिचा चेहरा उतरला. "राखणदाराचो रोट पचलो रे तेका! साधो माणूस नाय तो."

आता दार वाजवणे भाग होते. 'खोली रिकामी करा' हे वाक्य मी तोंडात धरूनच गेलो. त्याने मला खुशीत आत ओढले आणि मोडक्या हिंदीत सांगितले की कॉम्प्युटरवरच्या एका खेळासाठी तो परग्रहावरच्या लोकांची भाषा तयार करतोय. त्या लोकांना ओठ नाहीत. जे काय बोलायचे ते जिभेने, दातांनी आणि घशाने.

माझा विश्वास बसला नाही. खोटे बोलणारा यापेक्षा बरे खोटे बोलेल, एवढेच त्याच्या बाजूने होते. मी पेच टाकला. "ओठ नाहीत, तर त्यांचे मूल 'बाबा' कसे म्हणते?"

त्याने लगेच म्हणून दाखवले. दोन टॉक, एक खरखर.

कित्येक दिवस, मी स्कूटर लावत असताना, मुलगी नेमके हेच करत होती. मी सर्दी समजून तिला ओव्याची धुरी द्यायला लावली होती.

"तू शिकवलेस तिला?"

तो म्हणाला, तिच्याशी कधी बोललोच नाही. सराव म्हणून जे समोर घडेल ते तो त्या भाषेत म्हणे. संध्याकाळी माझी स्कूटर वाजली की भिंतीआडून म्हणे, 'बाबा आले.'

तोंडातले वाक्य मी गिळले.

दुसऱ्या दिवशी कचेरीतून आलो. मुलगी फाटकाशी उभी होती. दोन टॉक, एक खरखर. त्या भाषेत मुलीला काय म्हणतात, हे विचारायचे राहूनच गेले होते. शेजारी बघत असताना मी तिचाच शब्द तिला परत दिला. घसा सोलवटला. ती टाळ्या पिटत हसली आणि पुन्हा म्हणाली, मग मी, मग ती.

दारात आई उभी होती, मुठीत मीठ-मिरच्या घेऊन. या वेळी तिने त्या माझ्यावरून उतरल्या.