भांगातलं कुंकू

मी तेरला माहेरी होते. दुपारच्या एस.टी.च्या कंडक्टरनं सासरहून निरोप आणला, "जळकोटच्या थोरल्या बाई गेल्या..." महिना उलटला, तरी मला वाटतं, हाक मारली की आक्का माजघरातून "आले गं" म्हणतील.

आक्का म्हणजे माझ्या थोरल्या जाऊ. तुम्ही त्यांना पडद्यावर पाहिलं असलं तरी नाव ठाऊक नसणार. सोलापूरच्या एका हौशी वकिलानं, कुठल्या कंपनीशिवाय, मित्रांना जमवून तीन सिनेमे काढले. तिन्हींत आक्का होत्या. पहिल्यात नुसती घागर घेऊन जाणारी बाई, दुसऱ्यात दोन वाक्यं. तिसऱ्यात मात्र खरं काम आलं, विधवेचं. आमचे थोरले दीर शाळेत मास्तर, त्यांची ना नव्हती. अडलं ते कपाळाशी. नवरा जिता असताना कुंकू पुसायचं? काम तर हवं, आणि हात होईना... आक्का धड जेवत नव्हत्या. शेवटी सासूबाईच बोलल्या. आम्ही त्यांना आत्याबाई म्हणतो. ऐन तारुण्यात विधवा झालेल्या. "कपाळ पूस, पर भांगात ठिव. पदराखाली कुणाला दिसतंय?" आक्कांनी तसंच केलं.

पुढं बाजारतळावर तंबू लागला, अख्ख्या गावानं तो सिनेमा पाहिला. बाया हुंदके देऊन रडल्या. मी तर घरी येऊन आधी भाऊजी जागेवर आहेत ना ते पाहिलं! मग संक्रांत आली, आमच्याच घरी हळदीकुंकू. मी करंडा पुढं केला की बाया कपाळ पुढं करीत. आक्कांनी केला की कुणाला पदर सावरायचा असे, कुणाचं पोर रडत असे. अहो, मास्तर बाहेर ओट्यावर पेपर वाचत बसलेले! माझा असा संताप झाला. आक्का करंडा धरून तशाच उभ्या.

अशा दिवशी आत्याबाई स्वयंपाकघराबाहेर पाऊल टाकत नसत. त्या दिवशी आल्या. "रंडकी म्या हाय, ही न्हाय. हिच्या हातचं कुंकू चालत न्हाय, आन् म्या वळलेलं तिळाचं लाडू बरं गोड लागत्यात गं?" कुणी वर बघेना. त्यांनी स्वतःच्या बोटानं आक्कांच्या कपाळाला कुंकू लावलं आणि आत निघून गेल्या.

बाया पांगल्यावरही मी धुसफुसतच होते. आक्का म्हणाल्या, "चिडू नको. म्हंजे काम बरं झालं की गं माझं." हसल्या, आणि हसता हसता खूप रडल्या. चौथा सिनेमा निघालाच नाही. वकिलांची हौस फिटली, आक्कांची तशीच राहिली.

मी तेरहून पोचले तेव्हा दारात बायांची रीघ होती. सवाष्ण गेली म्हणून त्याच बाया कुंकू लावायला, ओटी भरायला आल्या होत्या. सगळ्यांचं झाल्यावर आत्याबाई उठल्या. कुणी अडवलं नाही. पदर जरासा सारून त्यांनी आक्कांच्या भांगात बोट टेकवलं, पदर पुन्हा नीट केला.

आक्कांचा करंडा आता आत्याबाईंच्या उशाशी असतो. सकाळी मी न्हाऊन आले की तो माझ्यापुढं धरतात. मी कपाळाला लावते, झाकण लावायला जाते... त्या सोडत नाहीत.

"आन् भांगात?"