बाळंतिणीच्या खोलीतला कॅमेरा

धाकटी बहीण पहिल्या बाळंतपणाला आमच्याकडे इस्लामपूरला आली होती. दाजी फौजेत, सरहद्दीवर. मुलगी झाली तरी सुट्टी मिळेना. तिकडून मोबाईलवर लेक दिसावी म्हणून मी सांगलीहून कॅमेरा आणून पाळण्यावरच्या भिंतीला लावला.

दाजींनी फोनवर दोनदा बजावलं, "आवं पाव्हणं, खोक्यावरचा पासवर्ड बदला तेवढा."

"बदलला की," मी म्हणालो. बदलला नव्हता. नवा लक्षात कोण ठेवणार, एवढंच कारण.

त्याच खोलीत आई रोज सकाळी बहिणीला तेल लावून शेगडीवर शेकायची. बाळंतिणीला नवऱ्यानंही असं बघू नये म्हणून आधी कॅमेऱ्यावर टॉवेल टाकायची. पोर रडायला लागली की कधी विसरायची.

महिन्याभरात शेजारच्या काकूंनी आईला मागच्या दारी बोलावलं आणि मोबाईलवरचे बहिणीचे शेकतानाचे फोटो दाखवले. निम्म्या गल्लीकडे पोचले होते.

मी कॅमेरा काढून दुरुस्तीवाल्याकडे नेला. तो म्हणाला, "कंपनीचाच पासवर्ड ठेवलाय. कुणीबी कुठनंबी उघडून बघंल, गड्या." कुणाला बोलू नको, एवढं त्याला सांगून मी घरी आलो.

जेवताना आई म्हणाली, "फौजेतली धा पोरं एका खोलीत ऱ्हात्यात. जावयानंच दाखवलं असंल."

बहीण माझ्याकडे बघत होती. मी म्हणालो, "असंल."

दाजी सुट्टीवर आले तेव्हा ती त्यांच्यासमोर गेली नाही. बाहेरच्या सोप्यात लेकीला मांडीवर घेऊन त्यांनी मला विचारलं, "पासवर्ड बदलला हुता न्हवं?" मी हो म्हणालो. चहा न घेता ते गेले. बहीण नांदायला गेलीच नाही. लेक आता बालवाडीत जाते.

गेल्या आठवड्यात मी बहिणीला सगळं सांगितलं. ती पोरीच्या कपड्यांच्या घड्या घालत होती. तिनं माझ्यासमोरच दाजींना स्पीकरवर फोन लावला आणि सांगितलं.

"मला तवाच कळलं हुतं," ते म्हणाले. "तुज्या दादानं मान वर केली न्हाई. पर तू माजं ऐकलं न्हाईस." फोन बंद झाला. पुन्हा लावला तर उचलला नाही.

मोबाईल बाजूला ठेवून ती म्हणाली, "दादा, ते फोटू पुसता येत्यात का?"

या वेळी खरंच सांगितलं. येत नाहीत. किती जणांकडे आहेत, तेही माहीत नाही.

तिनं उरलेल्या घड्या घातल्या.