मामाजींचं विशेष नुकसान

माझ्या बायकोच्या मामांइतका रागीट माणूस अख्ख्या नागपुरात झाला नसेल, आणि इतका कायदेशीर रागीट तर नाहीच. मामाजी टपालखात्यातून पेन्शनीत निघाले ते हातात अर्ज घेऊनच. सिटीबस थांब्याच्या चार हात पुढे थांबली की अर्ज, दिव्याचा खांब वाकला की अर्ज. प्रत्येक अर्जाच्या तीन प्रती, खाली ठसठशीत सही, आणि 'कारण' या रकान्यात जे खरं असेल तेच. माझ्या लग्नात बँडवाल्यांनी रस्ता अडवला म्हणून त्यांनी सगळी वरात रस्त्याच्या डाव्या कडेने एकामागे एक चालवली होती. रोज सकाळी ते नंदनवन भागातल्या घरापासून मागच्या वस्तीपर्यंत फिरायला जात, तिथल्या विहिरीचं तांब्याभर पाणी पीत आणि घरी येऊन पेपरवर चिडत. घरच्या नळाला कन्हान नदीचं पाणी येई, पण त्याला चव नाही म्हणत.

ती विहीर वस्तीतल्या लोकांनी धम्मदीक्षा घेतल्यानंतरच्या पहिल्याच उन्हाळ्यात स्वतः खणली होती आणि तिच्या काठावर कुणालाही मनाई नव्हती. सत्तर सालच्या सुमारास रस्तेवाल्यांनी नकाशावर पट्टी ठेवून रेघ ओढली, ती नेमकी विहिरीवरून गेली. वस्तीला दुसरं पाणी नव्हतं. वस्तीतल्याच शेवंताबाईच्या सासऱ्याने त्या विहिरीची पहिली कुदळ मारली होती. ती वकिलाकडे गेली, तर तो म्हणाला, जागा सरकारी, तुमच्या घरांना कागद नाहीत, कोर्टात गेलात तर घरंही जातील. मामाजींकडे कागदच कागद होते. त्यांनी दावा लावला.

सरकारी वकिलाने एवढंच विचारलं, की वादीच्या घरी नळ आहे ना? विहीर सगळ्यांची, तेव्हा दावा ज्याचं स्वतःचं विशेष नुकसान होतं त्यालाच लावता येतो; मग ती बुजली तर वादीचं विशेष नुकसान काय? मामाजी त्या दिवशी कोर्टातून तणतणत पायीच घरी आले. मला म्हणाले, "जावईबापू, ज्याइचं पाणी चाललं त्याइच्याजवळ कागद नाही, अन् माह्याजवळ कागद हाये तर मले तहान नाही, असं म्हणून राहिला तो."

दुसऱ्याच दिवशी त्यांनी अर्ज दिला, माझा नळ तोडावा. वर्षानुवर्षं कुणाला उत्तर न देणाऱ्या कचेरीने आठवड्यात माणूस पाठवला आणि नळ तोडला. मामी एवढंच म्हणाल्या, "दावा तुमचा, अन् पाणी म्या भरावं काय?" तेव्हापासून मामाजी स्वतः धोतर खोचून विहिरीवरून घागरी आणू लागले. अर्धं पाणी वाटेत सांडे, वस्तीतल्या बाया तोंडाला पदर लावून हसत. पण मामाजींचा चेहरा बढती मिळाल्यासारखा फुलला होता. आता ते रीतसर तहानलेले होते.

पुढच्या तारखेला सरकारी वकिलाने त्यांचाच नळाचा अर्ज वाचून दाखवला. कारणाच्या रकान्यात मामाजींनी लिहिलं होतं, 'चालू दाव्यात नुकसान दाखवणे.' खोटं कारण लिहिणं त्यांना सुचलंच नव्हतं. दावा फेटाळला गेला.

मला आजही त्या दिवसाचा संताप येतो. एका वस्तीचं पाणी तोडलं जातंय हे तिथे बसलेल्या प्रत्येकाला कळत होतं. विहीर सगळ्यांची, म्हणून विचारायचा हक्क कुणाचाच नाही, हे बोलताना एकाचीही जीभ अडखळली नाही. चारच दिवसांत मुरूम टाकून विहीर बुजवली. बाया मैलभर लांबच्या नळावर रांगा लावू लागल्या. नळ पुन्हा जोडून द्यावा या मामाजींच्या अर्जाला मात्र उत्तर आलं नाही. मामी शेजारून पाणी मागून आणत, आणि मामाजींनी फिरायला जाणंच सोडलं. त्यांना वस्तीला तोंड दाखवायची लाज वाटत होती.

एका सकाळी मी त्यांच्याकडे असताना शेवंताबाई डोक्यावर पाण्याने भरलेला पितळी गुंड घेऊन दारात आली. मैलभर चालून आणलेलं पाणी होतं ते. मामाजी उठून उभे राहिले.

"बाई, हे तुमच्या घरचं पाणी हाये. माहा काय हक्क याच्यावर?"

तिने गुंड ओट्यावर टेकवला. "हक्काचं कोर्टात बोलून झालं, बाबूजी. आता तांब्या आना."

मामाजी तांब्या आणायला आत गेले, ते बराच वेळ बाहेर आले नाहीत. शेवटी मामीच तांब्या घेऊन आल्या.