मेथी निवडणाऱ्या वकीलबाई

निकाल वाचताना न्यायमूर्तींनी माझ्याकडे एकदाही वर पाहिलं नाही, एवढ्या रागावर मी सुप्रीम कोर्टात जायला निघाले होते. तेव्हा मी जेमतेम साठीची; पोरवयच ते! आमच्या बेदाण्याच्या कारखान्यासाठी परदेशातून जुनं यंत्र आणायचं होतं. आयात परवाना नाकारला गेला, हायकोर्टातही हरलो. यंत्र आलं नाही तर कारखाना बंद करावा लागणार होता.

मुंबईहून नाशिकला परतताना गाडीत समोर एक वकीलबाई बसल्या होत्या. मांडीवर घडी घातलेला काळा कोट, त्यावर वर्तमानपत्र आणि त्यावर मेथी. जुडी संपेपर्यंत त्यांनी माझी बडबड ऐकली. मग हात पुसून निकालपत्र मागितलं आणि एकेका ओळीवर बोट ठेवून वाचत राहिल्या. कसारा घाट चढून झाला तरी मान वर नाही. गंमत म्हणजे, त्यांचा मला राग आला नाही.

"काकू, निकाल चुकलाय, की नुसता झोंबलाय?"

"दोन्ही!"

"झोंबल्याचं अपील नसतं हो. पण हे बघा, तुमचा अर्ज आधीचा, नियम नंतर बदलला, आणि परवाना नव्या नियमाने नाकारला. असं चालतं का, हा प्रश्न तुमच्या एकटीचा नाही, तेव्हा अर्ज केलेल्या सगळ्यांचा आहे. असा प्रश्न वर न्यावा."

नाशिकरोडला मेथीची पिशवी सांभाळत उतरताना त्या वळल्या.

"दिल्लीला नक्की जा, काकू. फक्त साहेबांनी वर पाहिलं नाही, हे तिथे सांगू नका."