पुलावरचे दोन ठोके

आधीच बजावतो – भुताखेतांच्या गोष्टी निघाल्या की मी उठून जाणारा माणूस. कळंबोलीच्या लोखंड बाजारात बावीस वर्षं काढलीत. डोळे मिटून, नुसत्या आवाजावरून अँगल आहे की चॅनल ते सांगतो. म्हणून तर घोळ झालाय...

आमचं गाव कासाडी नदीच्या काठाला, तळोज्याच्या बाजूला. वडील रेल्वेत चावीवाले. म्हणजे हातोडा घेऊन रोज रुळावरून चालायचं, सैल झालेल्या चाव्या ठोकून घट्ट करायच्या. दुपारी नदीवरचा लोखंडी पूल तपासून झाला की शेवटच्या गर्डरवर ते दोन ठोके मारायचे. ते आईसाठी – सगळं ठीक, भाकर टाक. वडील रिटायर झाले, पुढे वारले, तरी त्यांच्या जागी आलेल्या प्रत्येकानं ते ठोके चालू ठेवले. पुलाचा इतिहास कोणी लिहिला असेलच, पण त्यात हे नसणार.

मग शेजारी सिमेंटचा नवा पूल झाला आणि जुना कापून भंगारात गेला. आईनं स्वयंपाकच सोडला. चहात पाव बुडवून दिवस काढायची. मी तिला रोडपालीला माझ्या घरी न्यायला गेलो की म्हणायची, "ठोका नाय, त भाकर कवा टाकू?" अंगाची काडी झाली होती. खरं सांगतो, ही आता जाते की काय, अशी भीती वाटायची मला.

गेल्या फेब्रुवारीत, रविवारी भर दुपारी, तिला हट्टानं नदीवर नेलं. म्हटलं, बघ, पूल नाही, विषय संपला. जुने दगडी खांब तेवढे उरलेले. त्यांच्याकडे बघत ती बसून राहिली. वर नव्या पुलावर गाडी नाही, माणूस नाही...

ठण्ण. ठण्ण.

जाड गर्डरचा आवाज. सिमेंट असं वाजत नाही हो. मी धावत वर जाऊन पाहिलं – दोन्ही बाजूंना चिटपाखरू नव्हतं. खाली आलो तर आई पदर खोचून उभी.

"चल, भाकर टाकायची हाय."

तीन टाकल्या तिनं. खाणारे आम्ही दोघंच. तिसरी कोणाची, ते मी विचारलं नाही. शेवटी तिनंच ती मोडून अर्धी माझ्या ताटात टाकली. आता रोज जेवते. माझ्यावर ओरडायलाही लागलीय, बरं वाटतं.

त्यानंतर चार रविवार मी एकटा जाऊन बसलो. काही ऐकू आलं नाही. आईला सांगितलं तर म्हणते, "तुला कशाला आयकवील? तू काय भाकर टाकतोस?"