गळ्यात जपलेलं पाखरू

दुष्काळानंतर सोलापुरात वीजकपात सुरू झाली, माग बंद पडू लागले आणि मागांच्या खडखडाटात जन्मणारी नादपाखरं मरू लागली. नुसत्या आवाजाची बनलेली ती पाखरं. सूर तुटला की संपली. त्यांचा अभ्यास करणारा एक शास्त्रज्ञ पुण्याच्या गाडीत माझ्यासमोर बसला होता. आमच्या कारखान्यातलं शेवटचं पाखरू त्यानं माझ्यादेखत गळ्यात घेतलं होतं आणि ते जगावं म्हणून तो अखंड गुणगुणत होता. श्वास आत घेतानाही सूर तुटू देत नव्हता. एक हात सारखा गळ्यावर, तापलेल्या लेकराला धरावं तसा.

सगळं ठाऊक होतं मला. पण भाकरीचं फडकं सोडून समोरच्याला आग्रह केला नाही, तर मी सोलापूरचा कसला!

“घ्या की साहेब, शेंगाचटणी हाय.”

त्यानं मान हलवली.

“लाजताय व्हय? एकच घास!”

त्यानं हात जोडले. मी घास थेट त्याच्या ओठांशी नेला.

“नको हो!” तो म्हणाला.

मग डब्यात फक्त चाकांचा आवाज उरला. त्यानं गळ्यावरचा हात हळूच खाली घेतला. आता हा मला हाणतोय, असं वाटलं.

“द्या आता,” तो म्हणाला, “तोंड रिकामंच आहे.”

त्यानं भाकरी सावकाश संपवली. दुसरीचा आग्रह काही माझ्याच्यानं झाला नाही.